आतडी धुत नाहीत, अस्तर वापरतात

मा. संपादक,
स. न. वि. वि.

गेल्या मंगळवारच्या अंकात आपल्या तालुक्याला डायलिसिसची नवी मशिनं येणार, अशी बातमी आली. बातमी चांगलीच आहे. पण तिच्याखाली चौकट टाकून डायलिसिसचे, म्हणजे मूत्रपिंडं निकामी झाल्यावर रक्त साफ करण्याचे, दोन प्रकार दिलेत: एक मशीनने रक्त गाळायचा, दुसरा पोटातून करायचा. त्यातल्या दुसऱ्या प्रकारावर एकच वाक्य आहे: पोटात नळी घालून आतडी धुतली जातात. ते वाचून हे चहाचा कप हातात धरूनच हसले. म्हणाले, "बघ, तू दिवसातून तीन वेळा माझी आतडी धुतेस."

साहेब, आतडी कोणी धूत नाही. त्या नळीचा आतड्यांच्या आतल्या भागाशी काही संबंध नाही. आमच्या घरी हा डायलिसिस २०२२ च्या गणपतीनंतर चालू झाला आणि सकाळी सहा, दुपारी दोन, रात्री दहा अशा वेळा सांभाळून आजही चालू आहे. म्हणून चार ओळी लिहीन म्हटलं. चाराच्या चाळीस झाल्या तर कापा.

मी डॉक्टर नाही. पाचलला तीस वर्षं शिवणकाम केलं, क्लासही चालवला. पण कोल्हापूरच्या डॉक्टरांनी पहिल्या दिवशी कागदावर पोट काढून दाखवलं, तेव्हा आमच्या गुरुजींना (हे प्राथमिक शाळेतून रिटायर झाले) काही उमगलं नाही आणि मला मात्र लगेच कळलं. कारण डॉक्टर अस्तराबद्दल बोलत होते.

पोटाच्या पोकळीला आतून एक पातळ, ओलसर, चकचकीत पडदा असतो. डॉक्टर पेरिटोनियम म्हणतात, मराठी पुस्तकांत पर्युदर. मी अस्तरच म्हणते. पेशींचा एकच थर आणि त्याखाली थोडं जाळं, इतकाच तो जाड. त्याचा एक पदर पोटाच्या भिंतीला चिकटलेला असतो, तोच पुढे वळून जठर, आतडी, यकृत यांच्यावर चढतो. ब्लाउजचं अस्तर मुंढ्याशी वळवून पुन्हा आत घेतो ना, तसं. दोन्ही पदरांच्या मधे म्हटलं तर जागा आहे, म्हटलं तर नाही. निरोगी माणसात तिथे चार-सहा चमचे पाणी, तेवढंच, आतडी एकमेकांवरून सरकावीत म्हणून. पण सगळा पडदा उलगडून टेबलावर पसरला तर जवळजवळ अंगावरच्या कातडीइतका भरेल, म्हणजे दीड ते दोन चौरस मीटर. एवढं कापड पोटात बसतं कसं, हे मी डॉक्टरांना विचारलं. ते म्हणाले, "चुण्या घालून."

आणि चुण्या कशा! लहान आतडं सहा मीटरच्या आसपास लांब. ते ज्या दुपदरी पडद्याने मागच्या भिंतीला टांगलेलं असतं, त्या पडद्याची भिंतीकडची कड फक्त पंधरा सेंटिमीटर. सहा मीटरचा घेर पंधरा सेंटिमीटरच्या पट्टीत घ्यायचा! क्लासमध्ये मुलींना मी घागऱ्याचा घेर कमरेच्या पट्टीत बसवायला शिकवला, चार मीटरच्या वर गेलं की सगळ्या रडायच्या. पुढच्या बाजूला जठरापासून खाली एक चरबीची जाळीदार झालर लोंबते, बोकड सोलताना ज्यांनी पाहिलंय त्यांना ती ठाऊक असेल. पोटात कुठे जखम, पू झाला की ही झालर तिथे जाऊन चिकटते, छिद्रही झाकते. सर्जन लोक तिला पोटातला पोलीस म्हणतात. मात्र हा पोलीस आमच्यासारख्यांच्या नळीलाही गुन्हेगार समजून वेढा घालतो कधीकधी.

गंमत म्हणजे मूत्रपिंडं या अस्तराच्या आत नाहीतच. ती पाठीमागे, पडद्याच्या बाहेर. ती निकामी झाल्यावर ज्याचा त्यांच्याशी धड शेजारसुद्धा नाही, तो पडदा त्यांचं काम अंगावर घेतो. आमच्याकडे असे शेजारी आहेत, पण थोडे.

काम चालतं ते असं. बेंबीच्या बाजूने एक मऊ सिलिकॉनची नळी कायमची बसवलेली. तिचं टोक ओटीपोटात अगदी तळाला. तिच्यातून दोन लिटर पाणी पोटात सोडायचं. पाण्यात क्षार असतात आणि साखर असते. पडद्याच्या जाळ्यात केसाहून बारीक रक्तवाहिन्या, त्यांतला युरिया, क्रिएटिनिन, म्हणजे रक्तातली घाण, झिरपून या पाण्यात उतरते, आणि साखर अंगातलं जादा पाणी ओढून घेते. चार-आठ तास ठेवायचं, मग तेच पाणी काढून टाकायचं आणि नवं भरायचं. दोन लिटर आत गेलं आणि बावीसशे मिलिलिटर बाहेर आलं तर दोनशेची कमाई. हे त्याची नोंद हजेरीपटासारखी आखलेल्या वहीत करतात, लाल पेनाने. पाय सुजले की हिरव्या क्लिपची, जास्त साखरेची पिशवी. एरवी पिवळी. लाल क्लिपची फक्त डॉक्टरांनी फोनवर सांगितल्यावर, कारण त्या साखरेने पडदा लवकर झिजतो.

त्या नळीची एक गोष्ट मला फार आवडली. १९६८ साली टेंकॉफ नावाच्या अमेरिकन डॉक्टरांनी ती प्रसिद्ध केली, अजून त्यांच्याच नावाने ओळखतात. नळीवर दोन ठिकाणी कापडाच्या पट्ट्या आहेत, एक पोटाच्या स्नायूत, एक कातडीखाली. महिनाभरात मांस त्या कापडात विणलं जातं आणि नळी घट्ट धरली जाते, जंतूंची वाटही अडते. कापड कसलं, विचारलं तर डेक्रॉन. म्हणजे पॉलिएस्टर. म्हणजे आमच्या टेरिकॉटमधलं टेरि! ज्या कापडाला मी आयुष्यभर घाम शोषत नाही म्हणून नावं ठेवली, त्याने ह्यांना धरून ठेवलंय.

आता मूळ तक्रार. फेब्रुवारी २०२२ मध्ये ह्यांचं क्रिएटिनिन अकराच्या वर गेलं, धाप लागली, एका मोठ्या रुग्णालयात मानेत नळी घालून तातडीने मशीनवर घेतलं. जीव वाचला, त्याबद्दल त्यांचे उपकारच आहेत. पण नंतरचे सात महिने आठवड्याला तीन दिवस पहाटेच्या एसटीने रत्नागिरी. ओणीपर्यंत एक गाडी, पुढे दुसरी. चार तास मशीन, मग गाडीची वाट बघत स्टँडवर बसायचं, घरी यायला दिवेलागण. दुसरा दिवस अंथरुणात आणि तिसऱ्या दिवशी पुन्हा पहाटे चार वाजता डबा. मशीनचे पैसे योजनेतून गेले. पण माझं मशीन बंद पडलं, ते कुठल्याच योजनेत नव्हतं. या सात महिन्यांत एकाही डॉक्टरने, एकाही सिस्टरने, फॉर्म भरून घेणाऱ्या एकाही माणसाने सांगितलं नाही की असं घरच्या घरी करायचंही डायलिसिस असतं. आम्हाला ते कळलं एसटीत. शेजारच्या सीटवरच्या बाईंचा भाऊ इचलकरंजीला ते करायचा.

नंतर मी विचारलं एकाला, का नाही सांगितलं? "गावाकडे जमत नाही ते, इन्फेक्शन होतं." गावाकडे! अहो, ज्याच्या दारातून मशीन दोन पावलांवर आहे त्याला याची गरज काय? गरज तर आम्हालाच. कोल्हापूरच्या डॉक्टरांनी सांगितलं की हाँगकाँगने १९८५ पासून पोटाचा डायलिसिसच आधी द्यायचा असं धोरण ठेवलं, थायलंडने २००८ साली तोच मार्ग धरला, खेड्यापाड्यांत पिशव्या पोचवल्या. आपल्याकडेही कागदावर आहे. केंद्राचा राष्ट्रीय डायलिसिस कार्यक्रम २०१६ चा, तेव्हा फक्त मशीनचा होता. २०१९ मध्ये पोटाच्या डायलिसिसच्या मार्गदर्शक सूचना निघाल्या. त्या सूचना अणुस्कुरा घाट उतरून खाली आलेल्या मला तरी दिसल्या नाहीत.

बरं, इन्फेक्शन होत नाही असं मी म्हणणार नाही. झालं. आमच्याच चुकीने झालं.

जुलै २०२३. चार दिवस वीज नव्हती. रात्री दहाची पिशवी हे टॉर्चच्या उजेडात स्वतःच करत होते, मी तापाने पडलेली. पद्धत अशी की खिडक्या बंद, पंखा बंद, तोंडाला मास्क, हात साबणाने कोपरापर्यंत धुऊन कोरडे, आणि शेवटी नळीच्या तोंडाला औषध भरलेलं नवं टोपण. टोपण हातातून निसटलं, चादरीला लागलं. ह्यांनी मास्क खाली करून फुंकर मारली आणि तेच लावलं. चाळीस वर्षं खडूवर फुंकर मारलेला माणूस! मला सांगितलंही नाही.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळपासून पोट दुखायला लागलं. तिसऱ्या दिवशी सकाळी काढलेलं पाणी तांदूळ धुतल्यावर निघतं तसं. एरवी ते फिकट पिवळं, आरपार दिसणारं असतं. ते तसं आहे की नाही हे बघायची आम्हाला शिकवलेली रीत म्हणजे पिशवीच्या मागे छापील कागद धरायचा. अक्षरं वाचता आली तर ठीक. साहेब, तो कागद म्हणजे आपला पेपर असतो. रोज सकाळी सहाच्या पिशवीमागे मी आदल्या दिवशीचा अंक धरते आणि ह्यांना एक ओळ वाचून दाखवते. त्या दिवशी मथळासुद्धा दिसेना.

पोट हात लावू देत नव्हतं, फळीसारखं कडक. याचं कारणही मला मागाहून कळलं. अस्तराच्या आतल्या पदराला, आतड्यावरच्या, नेमकं दुखणं कळत नाही. ते मोघम, बेंबीभोवती कुठेतरी दुखतं. बाहेरचा, भिंतीचा पदर मात्र बोट ठेवून सांगतो की इथे. म्हणून अपेंडिक्सचं दुखणं आधी बेंबीशी असतं आणि सूज बाहेरच्या पदराला टेकली की उजवीकडे खाली सरकतं. आमच्या वाडीत एका पोराला दोन दिवस ओवा-सैंधव दिलं, तिसऱ्या दिवशी म्हणाला एकदम बरं वाटतंय. घरातले खूश. ते अपेंडिक्स फुटलं होतं. रात्रीपर्यंत सगळं पोट कडक. पोरगा वाचला, पण आतून चिकटलेली आतडी सोडवायला दोन वर्षांनी परत ऑपरेशन. हे अस्तर एकदा चिडलं की स्वतःलाच चिकटतं, चुकीची शिलाई पडल्यासारखं.

तर त्या सकाळी मी आधी वाटेवरच्या एका दवाखान्यात नेलं. तिथल्या डॉक्टरांनी शर्ट वर केला, नळी बघितली आणि विचारलं, "ही लघवीची का?" मी सांगितलं, डायलिसिसची. "मग हाताला का नाही?" मशीनच्या डायलिसिसला सुया हातात घालतात, त्याला तेवढंच ठाऊक. गॅसवरचं इंजेक्शन दिलं आणि दुखणं थांबायचं दुसरं. मी पिशवी दाखवायला लागले तर म्हणाले, ते बाहेर टाका आधी. मुलगा तरुण होता, रात्रभर जागा असावा, त्याला दोष देऊन काय करू? त्याला कधी कोणी दाखवलंच नव्हतं.

मी कोल्हापूरच्या ट्रेनिंगवाल्या सिस्टरना फोन लावला. त्यांचे पहिले शब्द: "काकू, पिशवी फेकू नका. घेऊन या." घाटात दरड आलेली, म्हणून खारेपाटणवरून भुईबावड्याने वर गेलो. मांडीवर ती दोन लिटरची पिशवी, बाळंतिणीने पोर धरावं तशी. तपासलं तर पांढऱ्या पेशी तीन हजारांवर, शंभराच्या वर गेल्या तरी जंतुसंसर्ग समजतात. औषध गोळीने नाही, थेट पिशवीतल्या पाण्यातच घालतात, म्हणजे ते नेमकं पडद्यालाच लागतं. दोन दिवसांत पाणी निवळायला लागलं. चार दिवस तिथे राहून घरी आलो आणि पुढचे दिवस मी स्वतः पिशवीच्या रबरी बुचात सुई घालून ते औषध भरलं. एकूण दोन आठवडे. शिवणकामाचा हात, सुई चुकत नाही. फुंकर मारणाऱ्याला मात्र त्या दिवसापासून टोपणाला हात लावायची बंदी आहे.

बाकीही त्रास आहेत, ते लपवत नाही. महिन्याला ९० पिशव्या, म्हणजे १८० किलो पाणी येऊन पडतं. आम्ही ते पडवीतून माजघरात आणलं, फळ्यांवर रचलं, कारण खाली ओल आणि वर उंदीर. पिशव्या, पोच आणि औषधं धरून २५ हजारांच्या आसपास जातात, तेही पेन्शनमधून आणि लेकाच्या पगारातून. पाणी कोमट लागतं, ते गरम पाण्यात बुडवून करायचं नाही, शेकायच्या पॅडवर कोरडंच करायचं. आणि वीज नसेल तर अंगाशी धरून. पहिल्या महिन्यात एकदा नळीत हवा राहून गेली आणि ह्यांचा उजवा खांदा ठणकायला लागला. मी खांद्याला बाम चोळत बसले. हवा पोटात वर, छातीपोटाच्या पडद्याखाली जाऊन बसते आणि त्या जागेची नस खांद्याच्या नसेशी मानेत एकत्र होते, म्हणून दुखतं खांद्यात. बद्धकोष्ठ झालं तर पाणी पुरतं निघत नाही, कारण भरलेलं आतडं नळीला ढकलतं. तेव्हा आमच्या घरात नळीच्या आधी पोट साफ झालं का याची चौकशी होते. पाण्याबरोबर अंगातलं प्रोटीनही रोज थोडं वाहून जातं, म्हणून शाकाहारी गुरुजींना सत्तराव्या वर्षी अंडी खावी लागली. दोन. नाक दाबून.

आणि हे कायमचंही नाही. वर्षानुवर्षं साखरेच्या पाण्यात राहून अस्तर जाड होतं, गाळणं कमी होतं. काही थोड्यांत ते इतकं राठ होतं की आतड्यांनाच आवळतं. पडदा किती भरभर गाळतो हे बघायची चार तासांची एक चाचणी आहे, ती आमची मधूनमधून होते. ज्यांची पोटाची मोठी ऑपरेशनं झाली आहेत, आत चिकटलेलं आहे, त्यांना हा मार्ग मिळेलच असं नाही. माझ्या नणंदेला ऐन चाळिशीत पोटाचा टीबी झाला होता, याच पडद्याचा. पोट पाण्याने फुगलं, सगळे म्हणाले जलोदर, दारू पीत नाही तरी कसा. सहा महिन्यांच्या गोळ्यांनी ती बरी झाली. पण तिच्या पडद्यावर किती गाठी आणि चिकटे राहिले असतील, ते आत बघणाऱ्यालाच ठाऊक. तेव्हा मशीनही हवीच, तालुक्याला मशिनं येताहेत त्यांचं स्वागत. उद्या ह्यांचा पडदा थकला तर आम्हीही तिथेच येणार आहोत, आणि तेव्हा रत्नागिरीची पहाटेची गाडी धरावी लागणार नाही याचा मला आनंद आहे.

मागणी एवढीच आहे. त्या नव्या केंद्रात पहिल्यांदा येणाऱ्या माणसाला, जीव स्थिर झाल्यावर, दोन्ही मार्ग सांगा. पोटाचा डायलिसिस करणारं एखादं घर दाखवा, आमचं दाखवा, मी चहा देईन. तालुक्यातल्या रात्रपाळीच्या डॉक्टरांना त्या नळीचं तोंड एकदा बघू द्या, आणि गढूळ पिशवी म्हणजे काय हे भिंतीवर लिहून ठेवा. तेवढ्याला अनुदान लागत नाही.

आणि आपल्या चौकटीची दुरुस्ती छापणार असाल तर एक विनंती. मोठ्या ठशात नको. पान चारवर मृत्युवार्तांखाली जो बारीक टाइप असतो, त्यात छापा. मथळे पाणी थोडं गढूळ असलं तरी वाचता येतात, मला पिशवीमागे बारीक अक्षरच लागतं.

आपली,
एक शिवणकाम करणारी वाचक
पाचल, ता. राजापूर, जि. रत्नागिरी
(नाव छापू नये. फुंकरीची गोष्ट गावात अजून कोणाला माहीत नाही.)